तेलुगू चित्रपट मूळ भाषेत पाहायचे आहेत. सुरुवात कुठून करावी?

मागठेका
नमस्कार. सोलापूरच्या पूर्व भागात मी लहानाची मोठी झाले. शेजारच्या पद्मशाली (तेलुगू विणकर समाजाच्या) घरांतले तेलुगू रोज कानावर पडत असे, त्यामुळे बोलता येत नसले तरी मला ते बरेचसे कळते. हिंदीत डब केलेले तेलुगू मारधाडपट यूट्यूबवर पुष्कळ पाहिले. मात्र ती शेजारची भाषा त्यांत ऐकायला मिळत नाही. तेलुगू सिनेमा कसा बदलत गेला हे उमगेल असे मोजके चित्रपट आणि व्हिडिओ जाणकारांनी कृपया सुचवावेत.

जुनी रिळे
पहिला तेलुगू बोलपट, ‘भक्त प्रल्हाद’, १९३२ सालचा आहे. तथापि आपण १९५७च्या ‘मायाबाजार’पासून प्रारंभ करावा, असा माझा आग्रह आहे. अभिमन्यूच्या लग्नाची ही कथा आपल्याकडे वत्सलाहरण म्हणून परिचित असल्यामुळे एखादा संवाद निसटला तरी गोष्ट निसटत नाही. संपूर्ण चित्रपटात पांडव दिसतच नाहीत आणि त्यांची उणीवही भासत नाही, इतके एस. व्ही. रंगाराव यांच्या घटोत्कचाने पडदा व्यापला आहे. छायालेखक मार्कस बार्टली यांनी टिपलेले नौकाविहाराचे चांदणे मात्र कृष्णधवल प्रतीतच पाहावे; पुढे रंगवलेल्या प्रतीत ते हरवते. त्या काळी हा उद्योग मद्रासमध्ये होता, नंतर तो हैदराबादला स्थिरावला. त्यापुढे के. विश्वनाथ यांचा ‘शंकराभरणम्’ (१९८०) आणि राम गोपाल वर्मा यांचा ‘शिवा’ (१९८९) पाहावेत.

पिटलूम
माझी मातृभाषा तेलुगू आहे. वरील तिन्ही चित्रपट थोर आहेत, परंतु आपण लहानपणी ऐकलेली भाषा त्यांत सापडणार नाही, कारण आम्हा सोलापूरकरांचे पूर्वज मुख्यतः तेलंगणातून आले आणि पडद्यावरच्या नायकाला अनेक दशके आंध्रच्या किनारपट्टीकडचीच तेलुगू बोलावी लागली. तेलंगणाची बोली बहुधा खलनायकाच्या किंवा विनोदी पात्राच्या वाट्याला येई, आणि घरातल्या मोठ्या माणसांना ते फार लागत असे.

हे चित्र बदलण्यात यूट्यूबचा वाटा मोठा आहे. जगत्याल जिल्ह्यातील लंबाडिपल्ली गावातून चालणारा ‘माय विलेज शो’ आवर्जून पाहावा. त्यातील गंगव्वा यांनी शेतमजुरी करून आणि विड्या वळून संसार केला. त्या जशा घरी बोलतात तशाच कॅमेऱ्यासमोर बोलतात. आमच्या आजीनेही सोलापुरात विड्याच वळल्या, त्यामुळे तो आवाज मला परका वाटत नाही. तरुण भास्कर यांनीही ‘पेळ्ळि चूपुलु’ (२०१६) या चित्रपटाआधी लघुपट केले. त्यांपैकी ‘सैन्मा’ याच बोलीतला आहे.

त्यानंतर वेणु येल्दंडी यांचा ‘बलगम’ (२०२३) पाहावा. बलगम म्हणजे गोतावळा. आजोबा वारतात, घासाला कावळा शिवत नाही, आणि भावकीतले जुने रुसवे एकेक करून वर येतात.

मागठेका
कावळा न शिवण्याचा तो घोर आमच्या घरानेही अनुभवला आहे, म्हणून मी ‘बलगम’पासूनच सुरुवात करते. उपशीर्षके पुरेशी होतील का?

पिटलूम
कथेपुरती होतील; बोलीतला फरक मात्र त्यांत उतरत नाही. शेजारच्या एखाद्या आजीला सोबत बसवावे आणि अंत्यविधीची गाणी त्यांच्याकडून समजून घ्यावीत.