मदत हवी आहे: ‘आरव’ म्हणजे शांत की आवाज? रविवारी बारसं आहे

नमस्कार मंडळी,

रविवारी माझ्या भाच्याचं बारसं आहे. मी आत्या, त्यामुळे पाळण्यात वाकून बाळाच्या कानात नाव सांगायचा मान माझा. कुर्रर्र करून पाठीवर चार धपाटे खायचे तेही मीच. म्हणूनच ज्या नावाचा अर्थ मलाच धड माहीत नाही ते त्याच्या कानात कसं सांगू, हा विचार दोन दिवस डोक्यातून जात नाहीये.

नाव वहिनीने सातव्या महिन्यातच ठरवलं होतं, आरव. बाळाचा जन्म कृत्तिकेच्या पहिल्या चरणावर झाला, म्हणजे मेष रास आणि अक्षर अ. आईने दाते पंचांग (ते आमच्या सोलापूरचंच) दोनदा उघडून बघितलं आणि म्हणाली, नाव आपसूक जुळलं की. सगळे खूश होते.

परवा बाळाची पणजी, म्हणजे माझी आजी, मोहोळजवळच्या गावाहून आली. नाव ऐकून काही बोलली नाही. रात्री अंथरूण घालताना मला हळूच म्हणाली, ‘कोंबडा आरवतो गं. लेकराला तसलं नाव कशाला?’

मी हसण्यावारी नेलं नाही, कारण आजी उगाच खोड काढणारी बाई नाही. मोबाईलवर शोधलं तर बाळाच्या नावांच्या प्रत्येक साईटवर वेगळाच अर्थ. कुठे शांत, कुठे सूर्याचा पहिला किरण, कुठे संगीताचा सूर, कुठे ज्ञानी. एका चार अक्षरी शब्दाचे इतके अर्थ असतील तर गोष्ट वेगळी, पण ही तर तीनच अक्षरं.

वहिनीसाठी हे साधं नाही. तिचं माहेर अशोक चौकाच्या बाजूला, भिंतीला भिंत लागून यंत्रमागाची शेड. दहावीचा अभ्यास तिने कानात कापसाचे बोळे घालून केला. ‘माझ्या मुलाच्या नावात तरी शांतता असू दे’, हे तिचे शब्द. ‘शांत’ हा अर्थ वाचूनच तिने हे नाव निवडलंय. तो चुकीचा निघाला तर तिला कसं सांगायचं तेही कळत नाही.

तर कृपया जाणकारांनी सांगा. आरव हा शब्द मुळात कुठला? शांत हा अर्थ कुठून आला? आणि रविवारपर्यंत नाव पक्कं झालं नाही तर जन्म नोंदणीत काही अडचण येते का?

निवृत्त मास्तर

ताई, आधी तुमच्या आजींना माझा नमस्कार सांगा. त्यांनी बरोबर नाडी पकडली आहे.

आरव हा संस्कृत शब्द आहे आणि त्याचा अर्थ आवाज, नाद, हाक, गर्जना. धातू ‘रु’, म्हणजे आवाज करणे. त्यापासून रव. मागे ‘आ’ हा उपसर्ग लागला की आरव. मराठीतलं आरवणे याच कुळातलं. कोशात शांत हा अर्थ सापडणार नाही.

शब्द किती जुना, तर संस्कृतचा प्राचीन व्याकरणकार पाणिनी याने त्याच्यासाठी सूत्रात जागा केली आहे. अष्टाध्यायीच्या तिसऱ्या अध्यायातल्या तिसऱ्या पादाचं पन्नासावं सूत्र (३.३.५०) ‘विभाषाङि रुप्लुवोः’. ‘आ’ मागे असताना ‘रु’ धातूपासून आरव आणि आराव ही दोन्ही रूपं चालतात, असं ते सांगतं. अमरकोशात आवाजाचे समानार्थी शब्द दिले आहेत त्यात ओळच आहे, ‘आरवारावसंरावविरावा’. म्हणजे मुलांना ठेवायचं नाव म्हणून ते अलीकडचं, पण शब्द पाणिनीच्या ओळखीचा.

तुम्ही सोलापूरच्या म्हणून एक गोष्ट मुद्दाम सांगतो. अमरकोशात त्याच ओळीत पुढचा शब्द आहे ‘मर्मर’, आणि लगेच अर्थ दिला आहे, ‘स्वनिते वस्त्रपर्णानाम्’. कापडाचा आणि पानांचा जो आवाज, तो मर्मर. कापडाच्या आवाजाला वेगळा शब्द ठेवणाऱ्या भाषेत आरव त्याच्या शेजारी बसला आहे.

आता शांत हा अर्थ कुठून आला असेल? माझा अंदाज असा. ‘रव’च्या मागे ‘निः’ लागला की होतं नीरव, ज्यात आवाज नाही ते. नुसता ऱ्हस्व ‘अ’ लावून अरव केलं तरी अर्थ तोच, आवाज नसलेला. पहिलं अक्षर ऱ्हस्व केलं की अर्थ थेट उलटा होतो. रोमन लिपीत अ आणि आ सारखेच दिसतात, तिथेच कुणाची तरी गल्लत झाली असावी. सूर्याचा किरण हा अर्थ ‘रवि’शी गफलत होऊन आला असेल, असं मला वाटतं.

हुरडाप्रेमी

मास्तर, मग रावणही याच धातूचा ना? आमच्याकडे एका नातेवाइकांनी याच कारणाने आरव हे नाव नाकारलं होतं. ताईंच्या घरी ऐन बारशात कुणी हे काढू नये म्हणून आत्ताच विचारतो.

निवृत्त मास्तर

हो, धातू तोच. रामायणाच्या उत्तरकांडात कथा आहे. दशग्रीवाने कैलास उचलायला हात घातला, शंकराने पायाच्या अंगठ्याने पर्वत दाबला, हात अडकले आणि त्याने अशी आरोळी ठोकली की तिन्ही लोक हादरले. तेव्हा शंकराने त्याला रावण हे नाव दिलं. पण पाखरांचा कलरव म्हणतो तोही याच धातूचा. एका धातूची लेकरं म्हणजे एकाच आईची लेकरं, स्वभाव ज्याचा त्याचा. आणि गौरव, कौरव यांच्यात हा रव शोधू नका. ते गुरू आणि कुरु यांच्यापासून झालेले आहेत.

पूर्वभाग

आमच्या घरात तेलुगू बोलतात, म्हणून थोडी भर. तेलुगूत ‘अरुपु’ म्हणजे ओरडणं. ऐकायला जवळचा वाटला तरी तो द्रविड कुळातला शब्द आहे, मास्तरांच्या ‘रु’शी त्याचं नातं नाही. आणि ‘अरवम्’ म्हणजे तमिळ भाषा. घरातली म्हातारी माणसं आरव ऐकून ‘तमिळ का?’ असं विचारतील, तेव्हा वाईट वाटून घेऊ नका. आमच्या बोळात दोन आरव आहेत, पोरांना कुणीच काही म्हणत नाही.

चाटी गल्ली

नोंदणीचं मी सांगतो, गेल्या वर्षी पुतण्याचं केलंय. जन्म एकवीस दिवसांच्या आत नोंदवायचा असतो. दवाखान्यात जन्म झाला असेल तर ते दवाखानाच कळवतो. त्यात बाळाचं नाव नसलं तरी चालतं. नंतर एका वर्षाच्या आत नाव घालायला विलंब शुल्क नाही, त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून घालता येतं. त्यामुळे रविवारची घाई फक्त पेढ्यांची आहे, कायद्याची नाही. मात्र एकदा घातलेलं नाव बदलायचं म्हटलं की हेलपाटे सुरू होतात, म्हणून विचार आधी करा. मास्तरांनी सांगितलेली अ-आ ची गोष्ट स्पेलिंगमध्येही लक्षात ठेवा. सुरुवातीला ‘ए’ दोनदा घ्या आणि दाखला, आधार, शाळा, सगळीकडे तेच ठेवा.

निवृत्त मास्तर

वहिनींना शांत हाच अर्थ हवा असेल तर मार्ग आहे. नीरव तर आहेच. मला विचाराल तर शमीक सुंदर आहे. ‘शम्’ म्हणजे शांत होणे. महाभारतात परीक्षित राजा तहानेने व्याकूळ होऊन ज्या ऋषींना प्रश्न विचारतो आणि ते मौनात असल्यामुळे उत्तर देत नाहीत, ते हे शमीक. राजाने रागाने गळ्यात मेलेला साप टाकला तरी ते ढळले नाहीत. याहून शांत माणूस कुठे शोधायचा?

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. मास्तर, तुमचा प्रतिसाद मी वहिनीला जसाच्या तसा वाचून दाखवला. ती बराच वेळ बाळाकडे बघत बसली, मग म्हणाली, शमीक चांगलं आहे, शमीक ठेवूया. राशीच्या अक्षरावर आईने फार ताणलं नाही. मला वाटलं, सुटलं एकदाचं.

पण एक गोष्ट मी आधी लिहिली नव्हती. माझ्या वडिलांनी, बाळाच्या आजोबांनी, छत्तीस वर्षं चादरीच्या कारखान्यात माग चालवला. त्यांना आता फार कमी ऐकू येतं. यंत्र लावून घेतलंय, पण ते काढून ठेवतात. आई त्यांना जाऊन म्हणाली, बाळाचं नाव शमीक. ते म्हणाले, ‘अमित? बरं झालं, सोपं आहे.’ तिने पुन्हा सांगितलं. पुन्हा अमितच. तिसऱ्यांदा ते नुसते हसले आणि मान हलवली. ऐकू आलं नाही की ते असं करतात, हे आम्हाला घरात सगळ्यांना ठाऊक आहे.

मग मी त्यांच्या पाठीमागे उभी राहिले आणि नेहमीच्या आवाजात म्हटलं, आरव. त्यांनी वळून विचारलं, ‘उठला का तो?’

कानाची तपासणी

ताई, मी श्रवण तपासणीचं काम करते. तुम्ही जे बघितलं त्याचं कारण आहे. मागाच्या सततच्या आवाजाने कान जातो तेव्हा आधी उंच पट्टीचे आवाज जातात, साधारण चार हजार हर्ट्झच्या आसपासचे. श, स, फ, त यांसारखे व्यंजनांचे बारीक आवाज हरवतात आणि स्वर उरतात. शमीकमधला श त्यांच्यापर्यंत पोचतच नाही. शेवटचा क पण अंदाजानेच. आरवमध्ये लांब आ आहे, र आणि व दोन्ही घोष वर्ण आहेत, म्हणजे उच्चारताना गळ्यात कंप होणारे, त्यात हरवण्यासारखं फार थोडं आहे. नीरवही त्यांना ऐकू येईल. बाबांना यंत्र काढून ठेवावंसं वाटतं कारण बरेचदा ते नीट जुळवलेलं नसतं. एकदा पुन्हा तपासून सेटिंग करून घ्या. आणि बोलताना मागून नको, समोर बसून बोला.

पूर्वभाग

ताई, मी मागावरचाच माणूस आहे म्हणून बोलतो. वहिनींना खटखट नकोशी झाली हे मला पटतं, मलाही रात्री झोपेत ऐकू येते. पण आमच्या घरात माग शांत झाला की आई चूल पेटवताना विचार करायची. वीज गेली, सूत आलं नाही, मालकाने ऑर्डर नाही म्हणून सांगितलं, की शेड गप्प. आठवड्याच्या मधे ती शांतता आली तर पगाराच्या दिवशी हातात काय येणार हे पोरांनाही कळायचं. मी त्यांना नाव सुचवत नाही, तो त्यांचा हक्क आहे. फक्त हे त्यांच्या आईला विचारून बघा, त्या जास्त सांगतील.

धागाकर्ती

विचारलं. वहिनीची आई काल ओटीचं सामान घेऊन आली होती. वहिनीनेच तिला विचारलं, मी तिथेच कणीक मळत होते. त्या म्हणाल्या, ‘तू कापूस घालून बसायचीस ते मला दिसायचं. पण मधेच मशीन थांबलं की तू कापूस काढून बाहेर यायचीस आणि विचारायचीस, काय झालं म्हणून.’

वहिनीला हे आठवत नव्हतं. ती काही बोलली नाही. संध्याकाळी तिने मला नीरव आणि आरव दोन्ही कागदावर लिहून दे म्हटलं आणि तो कागद घेऊन बाबांच्या समोर जाऊन बसली, समोर, तुम्ही सांगितलंत तसं. दोन्ही नावं म्हणून दाखवली. बाबांना दोन्ही ऐकू आली. दोन्हींचा अर्थ तिने मोठ्याने समजावला. बाबांनी आरववर बोट ठेवलं आणि म्हणाले, ‘सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत नंदीध्वज निघाल्यावर हर्र बोला हर्र होतं ना, तेवढं मला अजून ऐकू येतं. त्याला खांद्यावर घेऊन जाईन.’

तर आरवच. आता अर्थ माहीत असून.

आजीलाही सांगितलं. कोंबड्याचा शब्द आणि हा शब्द एकाच घरातले आहेत, तू बरोबर होतीस म्हटलं. ती म्हणाली, पहाटे आरवतो ना, मग चालतंय की.

मास्तर, रविवारी बाळाच्या कानात सांगताना आ लांब म्हणेन. फॉर्मवर देवनागरीत आरव आणि स्पेलिंगमध्ये दोनदा ए असं लिहून ठेवलंय. बाबांच्या कानाच्या तपासणीची वेळ मंगळवारची मिळाली आहे. कानाची तपासणीवाल्या ताई, जाताना जुने रिपोर्ट न्यावे लागतात का, एवढं सांगा. ते सापडत नाहीयेत.