वेल्समध्ये राजाचा वारस ठरायचा कसा?

डिचोलीकर: वेल्समधला राजा रोद्री माउर 878 मध्ये मारला गेला. पुढे त्याच्या मुलांपैकी अनारौदकडे ग्विनेदचं राज्य, कादेलकडे केरेदिगियनचं. म्हणजे मुलांत राज्य वाटून द्यायचा कायदाच होता का?

फोंड्याचा कारकून: जमिनीचा होता, गादीचा वेगळा. मी वकिलाकडे रोज वाटण्यांचीच कागदपत्रं लिहितो, म्हणून हा भाग जास्त आवडतो. कादेलचा मुलगा राजा हवेल दा याच्या नावाने चालणाऱ्या कायद्यात भावांत धाकटा वाटे पाडतो आणि थोरला आधी उचलतो. बेरकी युक्ती! वाकडा वाटा पाडलात तर तोच तुमच्या गळ्यात. बापाने मान्य केलेला अनौरस मुलगाही हिस्सेदार. राजाचा वारस मात्र 'एडलिंग', एकच, दरबारात मानाची जागा असलेला. कागदावर. प्रत्यक्षात ज्याच्या हाती तलवार त्याची गादी. 942 मध्ये अनारौदचा मुलगा, ग्विनेदचा राजा इदवाल लढाईत पडला आणि चुलतभाऊ हवेलने ग्विनेद घेतलं. हवेल 950 च्या सुमारास गेला, तर इदवालच्या यागो-येयाव या मुलांनी ते परत घेतलं. पुढे यागोने सख्ख्या येयावलाच कैदेत टाकलं.

म्हापशाची मावशी: आणि मुली? आमच्या गोव्यात इन्व्हेंटरीत, म्हणजे वारसांच्या कोर्टातल्या वाटणीत, लेकीचा वाटा भावाइतकाच.

फोंड्याचा कारकून: मावशी, तिथे साधारणपणे लेकीला बापाची जमीन नाही. पण हवेलची बायको एलेन नैर्ऋत्य वेल्समधल्या डवेद राज्याच्या राजघराण्यातली, आणि डवेद हवेलकडे आलं ते बहुधा याच सोयरिकीमुळे. हक्क तिचा, राज्य जावयाचं!