कॉफी मॉर्निंग: फळांचे टार्ट आणि हॉलचा फ्रिज

प्रेषक: खाद्यविभाग

सस्नेह नमस्कार. कर्करुग्णांना आधार देणाऱ्या मॅकमिलन कॅन्सर सपोर्ट या संस्थेसाठी खाद्यपदार्थ विकून निधी जमवण्याच्या आपल्या कॉफी मॉर्निंगच्या बैठकीत टार्टचा प्रश्न पुन्हा लोंबकळत राहिला, म्हणून येथे मांडते. हॉलच्या फ्रिजमध्ये चहा-कॉफीचे दूध ठेवल्यावर जेमतेम एक कप्पा उरतो. अंडी-दुधाचे कस्टर्ड भरलेले टार्ट सकाळपासून टेबलावर मांडून ठेवणे मला मान्य नाही. इंग्लंडच्या नियमानुसार असे पदार्थ ८ अंश सेल्सिअस किंवा त्याखाली ठेवावे लागतात. विक्रीसाठी बाहेर काढायचे तर एकदाच, आणि फार तर ४ तास. गेल्या वेळी मांडणी लवकर झाली आणि गर्दी उशिरा आली, हे आपण सर्वांनी पाहिले आहे. म्हणून पारी, कस्टर्ड आणि फळे वेगवेगळी आणावीत, कस्टर्ड बर्फाच्या पिशव्यांसह कूलबॉक्समध्ये ठेवावे आणि मागणी येईल तसे टार्ट तिथेच भरावेत, अशी विनंती आहे.

प्रेषक: माजी कार्यवाह

ताई, फ्रिजपेक्षा अंड्यांचा प्रश्न मला मोठा वाटतो. आपली बरीच ज्येष्ठ मंडळी अंडे खात नाहीत, आणि अंडे वगळले तरी फळांवरच्या तयार ग्लेझमध्ये पुष्कळदा जिलेटिन असते, जे प्राण्यांच्या कातडी-हाडांपासून काढतात. जर्दाळूचा जॅम थोड्या पाण्यात गरम करून, गाळून, ब्रशने लावला तरी फळांना तशीच चकाकी येते. घट्ट थर हवा असेल त्यांनी चायना ग्रास (समुद्री शेवाळापासून केलेले अगर) वापरावे. किवी किंवा अननस कच्चे घातले तर त्यांतील पाचक द्रव्यांमुळे जिलेटिन धरतच नाही, चायना ग्रास मात्र व्यवस्थित धरते.

प्रेषक: खजिनदार

अंड्याला पर्याय शोधत बसण्याचे कारण नाही. कस्टर्ड पावडर मुळात त्यासाठीच निघाली. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांच्या पत्नीला अंडी सोसत नसत, म्हणून त्यांनी १८३७ मध्ये कॉर्नफ्लोअरचे कस्टर्ड तयार केले. आपल्या घरोघरी फ्रूट कस्टर्ड होते ते याच पद्धतीने. शिवाय ते स्वस्त पडते, आणि वाचलेला प्रत्येक पौंड मॅकमिलन कॅन्सर सपोर्टला जातो. माझ्या सासऱ्यांच्या अखेरच्या आजारपणात मॅकमिलनच्या नर्सबाईंनी आम्हाला जो धीर दिला, तो मी विसरू शकत नाही.

प्रेषक: वडा-स्टॉल

टार्ट तिथेच भरायचे असतील तर खिडकीजवळचे टेबल मागू नये. ते पहिल्यापासून वड्यांचे आहे, आणि तापलेल्या कढईशेजारी गार कस्टर्ड ठेवणे दोन्ही पदार्थांच्या दृष्टीने गैरसोयीचे आहे. हापूसचा डबाबंद रस टार्टमध्ये घालण्याची सूचना कोणीतरी केली होती, तिलाही माझा विरोध आहे. ताज्या फळांचे टार्ट म्हणून विकतो, तर सप्टेंबरात इथे मिळणारे प्लम, ब्लॅकबेरी आणि रास्पबेरीच त्यात असावेत.

प्रेषक: खाद्यविभाग

टेबल वड्यांकडेच राहील. टार्टसाठी आम्ही स्वयंपाकघराच्या दाराशी जागा घेतो. कस्टर्ड पावडर सर्वांना चालेल, परंतु काका, तिच्या कस्टर्डमध्येही दूध असते, म्हणून गार ठेवण्याचा नियम त्यालाही लागू होतो. पारीबद्दल दोघींनी विचारले होते. लोण्यातले पीठ लाटून साच्यात बसवल्यावर ते पुन्हा गार करावे, वर बेकिंगचा कागद घालून कोरडा राजमा भरावा आणि १८० अंशांवर साधारण १५ मिनिटे भाजावे. नंतर राजमा काढून तळ सोनेरी होईपर्यंत पुन्हा भाजावे. निवलेल्या पारीला आतून वितळलेल्या पांढऱ्या चॉकलेटचा हात द्यावा, म्हणजे कस्टर्डने ती भिजत नाही आणि दुपारपर्यंत खुसखुशीत राहते.

अधूनमधून घरचे पदार्थ दान म्हणून देणाऱ्यांवर ॲलर्जीच्या माहितीचे कायदेशीर बंधन नसले, तरी आपण १४ ॲलर्जीकारक घटकांचा तक्ता प्रत्येक ताटाजवळ लावणार आहोत. लहान मुलेही हातात टार्ट घेऊन फिरतात, त्यामुळे यात तडजोड नको. पारीत कोणी बदामाची पूड घालणार असेल, तर गुरुवारपर्यंत कळवावे. पाट्या शुक्रवारी रात्री छापायच्या आहेत.