प्रेसबर्गर यांचं श्रेय
मायकेल पॉवेल आणि एमेरिक प्रेसबर्गर या ब्रिटिश चित्रपटांच्या जोडीबद्दल वर एकांनी लिहिलंय की चित्रपट पॉवेल यांचे, प्रेसबर्गर फक्त संवादांपुरते. हे मला अजिबात पटत नाही. दोघांच्या चित्रपटांवर 'लेखन, निर्मिती आणि दिग्दर्शन' असं एकत्र श्रेय असे, आणि मूळ कथा बहुतेक वेळा प्रेसबर्गर यांची असे.

१९०२ साली हंगेरीतल्या मिश्कोल्त्समध्ये ज्यू कुटुंबात प्रेसबर्गर यांचा जन्म, पुढे बर्लिनमध्ये उफा स्टुडिओसाठी पटकथालेखन. १९३३ मध्ये नाझी आले आणि त्यांना पॅरिस गाठावं लागलं, १९३५ मध्ये लंडन. हंगेरियन, जर्मन, फ्रेंच आणि मग इंग्रजी! एवढ्या उशिरा शिकलेल्या भाषेत लिहून 'फॉर्टीनाइन्थ पॅरलल' या चित्रपटाच्या कथेसाठी ऑस्कर मिळवणं ही केवढी मोठी गोष्ट आहे.

पण माझ्या मते त्यांचं सर्वोत्तम काम 'द लाइफ अँड डेथ ऑफ कर्नल ब्लिंप' (१९४३). त्यात म्हातारा जर्मन थिओ इंग्लंडमध्ये आश्रय मागताना अधिकाऱ्यापुढे आपली कहाणी सांगतो: बायको गेली, मुलं नाझी झाली. थिओच्या भूमिकेतले अँटन वॉलब्रुक ते सगळं शांतपणे बोलत राहतात. ऐन युद्धात एका जर्मन माणसाला इतक्या मायेने उभं करणं सोपं नव्हतं; चर्चिल यांचा या चित्रपटाला विरोधच होता. देश सोडून आलेल्या लेखकालाच हा प्रसंग असा लिहिता आला असता. प्रेसबर्गर यांची स्वतःची आई नाझींच्या आउशवित्झ छळछावणीत मारली गेली.

याच जोडीचा 'ब्लॅक नार्सिसस' पाहणार असाल तर त्याआधी 'कर्नल ब्लिंप' जरूर पाहा.