हार्ट फेल्युअर : घरची काळजी आणि समुपदेशन, खान्देशातल्या जाणकारांनी सांगा

यावल_तालुका
वडिलांना (वय 66) हार्ट फेल्युअर आहे, म्हणजे हृदय पुरेसं रक्त ढकलत नाही. टू-डी इकोत (हृदयाच्या सोनोग्राफीत) ईएफ, म्हणजे एका ठोक्याला हृदयातून बाहेर पडणाऱ्या रक्ताचं प्रमाण, 30 टक्के. घरी सोडताना कागदावर फक्त ‘मीठ कमी, पाणी कमी’ लिहिलंय. गोळ्या : सॅक्युबिट्रिल-वल्सार्टन, मेटोप्रोलोल, स्पायरोनोलॅक्टोन, डॅपाग्लिफ्लोझिन, टॉर्सेमाइड (लघवीची गोळी). कमी म्हणजे नेमकं किती? केळी घरची आहेत, ती द्यायची का? आणि ते हल्ली कोणाशी बोलत नाहीत. त्यासाठी कुठे न्यावं?

वॉर्डातली_सिस्टर
भाऊ, मीठपाण्याच्या आधी वजनकाटा आणा. शंभर ग्रॅमचा फरक दाखवणारा डिजिटल. तो शहाबादी फरशीवर, रोज त्याच जागी ठेवायचा. सारवलेल्या जमिनीवर किंवा सतरंजीवर आकडा हलतो. सकाळी उठल्यावर, शौच-लघवी झाल्यावर, चहाच्या आधी, रोज तेवढेच कपडे घालून वजन करायचं आणि कालनिर्णयाच्या त्या तारखेच्या चौकोनात लिहायचं. सोबत दोनच गोष्टी : रात्री दम न लागता झोपायला उशा किती लागल्या, आणि पायाला सूज आहे की नाही. सूज बघताना नडगीच्या हाडावर अंगठा दहा सेकंद दाबून धरा. खड्डा राहिला तर सूज.

एवढा खटाटोप का? एक लिटर पाणी अंगात साचलं की काटा एक किलोने चढतो, पण घोट्यावर सूज दिसेपर्यंत दोन-चार लिटर साचून गेलेलं असतं. तीन दिवसांत दोन किलोच्या वर वजन वाढलं तर त्याच दिवशी डॉक्टरांना फोन, पुढच्या तारखेची वाट बघायची नाही. वजन तेवढंच असलं तरी एका उशीच्या दोन झाल्या, आडवं झाल्यावर खोकला येतो, दोन घास खाल्ले की पोट गच्च होतं, हेही कळवायचं.

आता सगळ्यात महत्त्वाचं. पुढच्या भेटीत डॉक्टरांकडून तीन ओळी लिहून घ्या : यांचं सूज नसतानाचं वजन किती, ते वाढलं तर टॉर्सेमाइड किती आणि किती दिवस वाढवायची, फोन कोणत्या नंबरवर करायचा. नंतर वडिलांनाच विचारा, ‘उद्या काटा दोन किलो जास्त दाखवतो, तुम्ही काय कराल?’ त्यांना सांगता आलं तर समजावणं पोचलं. नुसतं ‘हो हो’ म्हणाले तर पुन्हा सांगा.

बसल्या जागी दम लागला, खोकल्यातून गुलाबी फेस आला, छातीत दुखलं किंवा शुद्ध हरपली तर 108. गाडी येईपर्यंत आडवं करू नका, पाय खाली सोडून बसवा.

भरीत_भाकर
आहारावर मी लिहिते. दिवसाचं सगळं मिळून मीठ 5 ग्रॅमच्या आत, म्हणजे सपाट एक छोटा चमचा. सकाळीच पाऊण चमचा मीठ डबीत काढून ठेवा. वडिलांच्या ताटात जाणारं सगळं त्यातूनच. उरलेला पाव चमचा न दिसणाऱ्या मिठासाठी सोडा. भाजी सगळ्यांची एकत्र करा, पण त्यांची वाटी मीठ घालायच्या आधी काढा.

आपल्याकडे घात होतो तो शेवभाजीत. शेवेत मीठ, रश्श्यात मीठ, वर पापड. कळण्याच्या (ज्वारी-उडदाच्या) पिठात दळतानाच खडेमीठ घालतात, म्हणून यांच्यापुरतं साध्या ज्वारीचं पीठ वेगळं ठेवा. बिबडे (ज्वारीचे पापड), पापड (पापडखारातही सोडियमच), लोणचं, केळीचे वेफर्स बंद. भरीत मात्र बिनधास्त : हिरवी मिरची, लसूण, कांद्याची पात, वरून लिंबू पिळा, मीठ फार आठवत नाही. सैंधव चालतं असा गैरसमज घरोघरी आहे. तेही मीठच. आणि ‘लो सोडियम’ मीठ तर स्पायरोनोलॅक्टोन चालू असताना आणूच नका, त्यात पोटॅशियम असतं.

केळीचं उत्तर रक्ताच्या रिपोर्टवर आहे. मध्यम केळ्यात साधारण 400 मिलिग्रॅम पोटॅशियम असतं, आणि यांच्या दोन गोळ्या (सॅक्युबिट्रिल-वल्सार्टन आणि स्पायरोनोलॅक्टोन) रक्तातलं पोटॅशियम वाढवतात. रिपोर्टात पोटॅशियम 5 च्या आत असेल तर डॉक्टरांना विचारून एखादं केळ. घरची बाग आहे म्हणून घडातून तोडून खाणं नको. शहाळ्यालाही हाच नियम.

पाण्याची मर्यादा सगळ्यांना नसते, आकडा विचारून घ्या. समजा दीड लिटर सांगितलं, तर सकाळी तेवढं पाणी बाटल्यांत भरा. चहा, ताक, पातळ वरण जेवढं पोटात जाईल तेवढं बाटलीतून ओतून टाका. तोंड कोरडं पडलं तर वेलदोडा चघळा, चूळ भरा.

मेडिकलवाला_धुळे
दुकानातून स्वतःच्या मनाने काय घ्यायचं नाही तेवढं सांगतो. गुडघा-कंबरेसाठी डायक्लोफेनॅक, एसिक्लोफेनॅक, आयबुप्रोफेन नको : मूत्रपिंडावर ताण येतो, पाणी साचतं. साधी पॅरासिटामॉल चालते, पण पाण्यात फसफसणारी नको, तिच्यात सोडियम भरपूर. ॲसिडिटीच्या फसफसत्या पुडीचंही तेच. खोकल्याच्या काढ्यात ज्येष्ठमध आहे का बघा, त्यानेही अंगात पाणी धरतं. मेटोप्रोलोल एकदम बंद करायची नाही, नाडी मंद वाटली तरी आधी फोन.

यावल_तालुका
ताई, दादा, खूप उपयोग झाला. मे महिन्यात इकडे 45 अंशांपर्यंत जातं, तेव्हाही पाणी दीड लिटरच? आणि तपासणीला एसटीने जायचं असेल त्या दिवशी लघवीची गोळी?

वॉर्डातली_सिस्टर
उन्हाळ्यात वजन उलट्या दिशेने बघा. दोन किलो उतरलं, उठताना गरगरतं, लघवी कमी आणि गडद होते, तर अंगातलं पाणी कमी पडलंय. तेव्हा टॉर्सेमाइड आहे तशी रेटू नका, फोन करून डोस विचारा. जुलाब-उलट्या असतील, जेवण सुटलं असेल किंवा निर्जळी उपास असेल, तर डॅपाग्लिफ्लोझिन तेवढ्यापुरती थांबवायची का तेही विचारायचं. प्रवासाच्या दिवशी लघवीची गोळी चुकवायची नाही, पोचल्यावर घ्यायची. लघवीची गोळी दिवसातून दोनदा असेल तर दुसरी दुपारी चारच्या आत, नाहीतर रात्रभर उठाबस.

स्पायरोनोलॅक्टोन सुरू केल्यावर एक आठवड्याने आणि चार आठवड्यांनी रक्तातलं पोटॅशियम आणि क्रिएटिनिन (मूत्रपिंडाची तपासणी) करतात. झालं नसेल तर याच फेरीत करा.

मनाचा_कोपरा
गप्प बसण्याबद्दल. दोन प्रश्न विचारा, तेही चारचौघांत नको, ओट्यावर एकटे असताना : गेल्या दोन आठवड्यांत बहुतेक दिवस उदास वाटलं का? ज्यात मन रमायचं त्यात रमत नाही का? एकाचंही उत्तर ‘हो’ असेल तर हृदयाच्या डॉक्टरांना सांगा. भूक नसणं, झोप नसणं, थकवा हे हार्ट फेल्युअरनेही होतं, त्यामुळे दोन्ही बाजू तपासाव्या लागतात. झोपेची किंवा मनाची गोळी परस्पर आणू नका, काहींचा हृदयाच्या ठोक्यांवर परिणाम होतो.

जळगाव आणि धुळ्याच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात मानसोपचाराची ओपीडी आहे. जायला तयार नसतील तर टेली-मानस, ही सरकारची मानसिक आरोग्याची हेल्पलाइन, 14416. फुकट, चोवीस तास, मराठीतून. तुम्ही स्वतःसाठीही फोन करू शकता. सांभाळणारा थकला की आधी काटा आणि गोळ्याच चुकतात. मरणाचं बोलत असतील तर एकटं सोडू नका, त्याच दिवशी दाखवा.

आणि त्यांना खाटेवर बसवून ठेवू नका. डॉक्टरांनी हो म्हटलं की सकाळी ऊन चढायच्या आत दहा मिनिटं चालणं, बोलता येईल एवढ्याच वेगाने. बागेपर्यंत जाऊ द्या, फक्त घड उचलायला लावू नका.