गृहकर्जाची खरी किंमत कशी काढायची?

प्रश्न: 9 टक्के दर, मुदत 20 की 30 वर्षं? 30 चा हप्ता हलका वाटतोय. एकूण किती जातील?

उत्तर 1: दर लाखामागे बघा. 20 वर्षांना हप्ता सुमारे 900, एकूण भरणा 2.16 लाख. 30 वर्षांना हप्ता 805, भरणा 2.90 लाख. म्हणजे महिना 95 वाचवायला व्याजापोटी जवळपास पाऊण लाख जास्त. कारण साधं आहे: पहिल्या महिन्याचं व्याजच 750. 20 वर्षांत मुद्दलात 150 जातात, 30 मध्ये जेमतेम 55. वीस वर्षांच्या कर्जातही निम्मं मुद्दल फिटायला 14 वर्षं लागतात.

उत्तर 2: दर बदलता असेल तर हे गणित कागदावरच राहतं. सुरुवातीलाच दर 10 झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर 240 ऐवजी 314 हप्ते. दर वाढला की बँक बहुधा मुदतच वाढवते, म्हणून हप्ता वाढवून मागा.

उत्तर 3: विम्याचा हप्ता कर्जात मिसळू देऊ नका, त्यावरही 20 वर्षं व्याज चढतं. प्रक्रिया शुल्क वेगळं विचारा.

प्रश्नकर्ता: मधे जादा रक्कम भरली तर?

उत्तर 1: वर्षाला एक जादा हप्ता भरलात तर 20 वर्षांचं कर्ज साधारण साडेतीन वर्षं आधी संपतं. मात्र ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असं लेखी द्या. नाहीतर कधीकधी हप्ता कमी करून देतात आणि फायदा बराच घटतो.