वेश आणि नाटक

कलाकाराने वेश बदलला की ते नाटकच, असं काहीजण म्हणतात; मला ते अर्धंच पटतं. गोव्यात राहणाऱ्या निखिल चोप्रा या परफॉर्मन्स कलाकाराचं (स्वतःचं शरीर आणि कृती हीच कला म्हणून लोकांसमोर मांडणाऱ्याचं) काम बघा. आजोबा निसर्गचित्रकार होते, त्यांच्यावरून त्याने 'योगराज चित्रकार' हे पात्र उभं केलं. पण पात्राला संवाद नाहीत, की अंक संपून पडदाही पडत नाही.

२०१९ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट संग्रहालयात तो सलग ९ दिवस राहिला. तिथेच जेवला, झोपला, रूपं बदलत मोठमोठ्या कापडांवर चित्रं काढत गेला. नाटकात रंगभूषा आपल्यापासून लपवलेली असते. इथे दाढी उतरवणं, कपडे चढवणं हेच बघायचं असतं! एक माणूस संपून दुसरा सुरू होतो तो मधला क्षण मला फार मोलाचा वाटतो.